एकदाच बुडवायचं

केंब्रिज (टोरंटोजवळ), १२ मार्च २०१७

चि. प्रमिला,
अनेक आशीर्वाद.

तुझं पत्र मिळालं. मी फोन का करत नाही म्हणून विलासराव कुरकुरतात असं लिहिलंयस. त्यांना सांग, तुझ्या भावाने फोन कानाला लावला की श्रवणयंत्र शिट्टी मारतं आणि मग दोन्हीकडचं काहीच कळत नाही. पत्रात मी तुला मध्येच तोडू शकत नाही, हा फायदा तुझाच आहे.

सरेतल्या मराठी बायकांची सहल जपानला निघाली हे वाचून मला जपानची काळजी वाटली. मी इथल्या गाड्यांच्या कारखान्यात जपानी साहेबांच्या हाताखाली पंचवीस वर्षं काढली. ती माणसं शांततेला फार जपतात. बसमध्ये भेंड्या लावू नका.

ओसाकात ईशिताला भेटायचं म्हणतेस. जरूर भेट, तुझी भाची आहे. पण माझ्या वतीने एक शब्द बोलू नकोस. तुला वरवर सगळं माहीत आहे, तरी आज लिहितो, कारण चार वर्षांत मी हे कोणाजवळ बोललेलो नाही. लग्न ठरल्यावर तिने फोन केला. तेव्हा माझे कान शाबूत होते. "बाबा, याल ना?" असं तिने एकदा विचारलं. आपल्यात पहिल्या बोलावण्याला कोणी उठून उभं राहतं का? मी म्हटलं, "अगं, एवढ्या लांब म्हातारा कशाला? तुम्ही करा मजेत." ती "ओके बाबा" म्हणाली आणि फोन ठेवला. पुढचा फोन आला तो लग्न झाल्यावर, फोटो पाठवलेत म्हणून सांगायला. शोभा असती तर लेकीला बाजूला घेऊन म्हणाली असती, की बाबांना परत विचार. पण शोभा तेव्हा नव्हती. विचारायचं म्हणून विचारणाऱ्या मुलीला मी काय निरोप पाठवू?

आता तिचा तो नवरा, ताकेशी, तोही वेगळा राहतो म्हणतेस. माझ्या मुलीची बातमी मला तुझ्याकडून कळते, यातच काय ते आलं.

प्रकृतीला जप. रात्रीच्या गोळ्या पर्समध्ये ठेव, सुटकेसमध्ये नको.

तुझा
दादा


सरे (व्हँकुव्हरजवळ), २३ एप्रिल २०१७

तीर्थस्वरूप दादास,
प्रमिलाचा नमस्कार.

जपान सुखरूप आहे. भेंड्या लावल्या, पण हळू आवाजात.

तू बोलू नकोस म्हणालास ते मी ऐकलं नाही, आणि ऐकलं नाही हेच बरं झालं. आता सगळं सांगते, घाई करू नकोस.

ईशिता संध्याकाळी परक्या गावच्या पाहुण्यांना ओसाकाच्या गल्ल्यांमधून खायला फिरवते, हे तुला माहीत आहे. मी येणार हे तिला कळवलंच नाही. कळवलं असतं तर तिने मला चांगल्या हॉटेलात नेऊन सूप पाजलं असतं, "बाबा कसे आहेत?" "बरे आहेत" एवढं झालं असतं आणि भेट संपली असती. म्हणून मी आमच्या शौनककडून इंटरनेटवर त्या फेरीत जागा घेतली, तीही आमच्या सहलीतल्या उल्का बर्व्यांच्या नावाने. स्टेशनच्या दाराशी सगळे जमलो. आपली पोरगी पिवळी छत्री हातात धरून उभी. हातातल्या यादीतली नावं वाचता वाचता "उल्का?" म्हणाली. मी हात वर केला. तिने माझ्याकडे बघितलं आणि म्हणाली, "आत्या, यू आर नॉट उल्का." आणि मग सगळ्यांसमोर मला घट्ट मिठी मारली. केस कापलेत तिने. शोभावहिनीच दिसते.

पण ती कामावर होती, त्यामुळे आधी फेरी, मग बोलणं. गल्ल्या अशा अरुंद की समोरून सायकल आली तर भिंतीला चिकटायचं. दारांवर कागदी कंदील, आत आठ माणसं उभी राहिली की दुकान भरलं. पहिल्या ठिकाणी आपल्या आप्पेपात्रासारखं मोठं लोखंडी पात्र होतं. त्यात पातळ पीठ ओततात, ऑक्टोपसचे तुकडे टाकतात आणि दोन टोच्यांनी ते गोळे गरागरा फिरवतात. वेंगुर्ल्याच्या मुलीला माशाचं काय भय? मी पहिला गोळा अख्खा तोंडात टाकला आणि टाळू भाजून घेतली. आमच्याबरोबर कॅलगरीचं एक जोडपं होतं, जेम्स आणि लिली. त्यांनी माझं बघून फुंकून खाल्लं.

नंतर एका म्हाताऱ्याच्या दुकानात गेलो. काडीला टोचलेलं काहीही तो पिठात घोळवून तळून देतो. कोलंबी, कांदा, भोपळा, काय म्हणशील ते. समोर सगळ्यांना मिळून सॉसचा एकच डबा, आणि भिंतीवर ठळक अक्षरांत पाटी. ईशिताने वाचून दाखवली: एकदाच बुडवायचं. चावा घेतलेली काडी पुन्हा डब्यात घालायची नाही. लिली म्हणाली, किती कडक नियम. मी म्हटलं, कडक कसला, उष्टं ते उष्टं. ईशिता हसली आणि उष्टं म्हणजे काय ते तिने सगळ्यांना समजावलं. तुझ्या मुलीला अजून ते नीट समजावता येतं, दादा. सॉस कमी पडला तर शेजारी कोबीची पानं ठेवलेली असतात, त्यातल्या एका पानाने उचलून आपल्या काडीवर घालायचा.

आता मुद्द्याचं. खाणं संपत आलं तेव्हा त्या म्हाताऱ्याने कमळकाकडीची एक काडी खास माझ्यापुढे धरली. मला ती हवी होती. कमळकाकडी मला किती आवडते तुला ठाऊक आहे. पण आपली सवय. मी दोन्ही हात हलवले, "नको नको, पुरे." त्याने वाकून नमस्कार केला आणि ती काडी जेम्सला दिली. माझं तोंड बघून ईशिता म्हणाली, "हवी होती तर नको का म्हणालीस?" मी म्हटलं, "अगं, असं पहिल्यांदा लगेच कोणी घेतं का? तो पुन्हा म्हणेल असं वाटलं." ती म्हणाली, "आत्या, तू नो म्हणालीस. परत कसं विचारणार तो? दॅट वुड बी रूड."

बाहेर आल्यावर ती छत्री उघडायची विसरली, लोक तिला शोधू लागले. गल्लीच्या तोंडाशी माझा हात धरून म्हणाली, "आत्या, बाबांनी पण असंच नको म्हटलं होतं का?"

मी सांगितलं, हो. ती म्हणाली, "मला वाटलं, ताकेशी जॅपनीज आहे म्हणून त्यांना यायचं नाहीये. परत विचारलं तर त्यांना परत नाही म्हणावं लागेल. ते मला ऐकायचं नव्हतं." मग डोळे पुसून तिने पाहुण्यांना पुढच्या दुकानात नेलं आणि तिथल्या गोड बटाट्याची माहिती हसत सांगितली. स्वतः मात्र काही खाल्लं नाही.

तुला राग आला तर येऊ दे. मला तो चालेल.

तुझी
प्रमिला


केंब्रिज, ९ मे २०१७

चि. प्रमिला,
आशीर्वाद.

राग आला नाही. तुझं पत्र पुन्हा पुन्हा वाचलं. चहा करायला उठलो आणि कप हातात घेऊन बाहेर ड्राइव्हवेवर उभा राहिलो. शेजारचा डीन विचारायला आला, बरं आहे ना म्हणून.

तुलाही सांगितलं नव्हतं ते आज सांगतो. तिच्या त्या फोननंतर मी शेजारच्या किचनर गावात जाऊन सूट शिवून घेतला होता. पासपोर्ट नवा करून घेतला. बर्फ शोव्हल करताना फोन कोटाच्या खिशात ठेवायचो, वाजला तर पहिल्या रिंगला उचलता यावा म्हणून. तो सूट अजून कपाटात आहे, नव्या सूटचे असतात तसे खिसे शिवलेलेच आहेत. चार वर्षं मी समजत होतो की मुलीला बाप नको होता. ती तिकडे समजत होती की बापाला मुलीचं लग्न नको होतं. आम्ही दोघं मिळून केवढं वाया घालवलं, प्रमिला. तू लिहिलंस त्यातलं एवढंच एक वाक्य डोक्यात फिरतंय, की ते तिला ऐकायचं नव्हतं.

तिला डिसेंबरात घरी बोलवायचं ठरवलंय. पण लिहायला धजत नाही. तू तिच्याशी बोललीस, तिची रीत तुला कळली. मी कसं वागायचं ते लिही.

दादा


सरे, ३० मे २०१७

तीर्थस्वरूप दादास,
नमस्कार.

सोपं आहे. एकदाच विचार आणि स्पष्ट विचार. "यायचं तर ये, नाहीतर राहू दे" असलं आपल्या पद्धतीचं नको. ये, मला तू यायला हवी आहेस, असं सरळ लिही. ती हो म्हणाली तर हो. आणि कधीही, कशालाही नाही म्हणाली, तर ते नाहीच समज. "अगं ये गं, असं काय करतेस" म्हणून मागे लागू नकोस. मागे लागलं की तिला वाटतं आपल्या शब्दाला काही किंमतच नाही. ती इथल्या शाळेत शिकली, तिथे पहिलीपासून हेच शिकवतात. शौनकच्या बाबतीत मी हे ठेच खाऊन शिकले. त्याला तिसरी पोळी वाढली की तो ताटावर हात ठेवून माझ्याकडे असा बघतो, की आता पोलिसांनाच बोलावेल.

तुझा सगळा आग्रह सुरमईपुरता ठेव. बाकी जीभ आवर.

प्रमिला


सरे, १९ डिसेंबर २०१७

तीर्थस्वरूप दादास,
नमस्कार.

ईशिता आज सकाळी इथून तुझ्याकडे यायला निघाली. हे पत्र तिच्यामागून पोचेल. दोन दिवस माझ्याकडे होती. स्कायट्रेनने व्हँकुव्हरला जाऊन आलो, विलासरावांना तिने जपानी पत्त्यांचा खेळ शिकवला, त्यांनी तो लबाडी करून जिंकला.

तिच्या मनात काही आहे. मला सांगितलंय तिने, पण ते तुला तिच्याच तोंडून कळू दे. तू इतक्या वर्षांनी भेटतोस म्हणून ती फार घाबरली होती. बाबांसमोर कसं वागू, काय बोलू, विचारत होती. मी तिला धीर दिलाय आणि आपल्या घरच्या चार रीती समजावून सांगितल्यात. तू काळजी करू नकोस.

वरची खोली उबदार ठेव. तिला थंडी वाजते.

प्रमिला


केंब्रिज, ६ जानेवारी २०१८

चि. प्रमिला,
आशीर्वाद.

ईशिता परवा गेली. घर पुन्हा माझ्यासारखंच झालंय, फारसं ऐकू येत नाही.

पिअर्सन विमानतळावर तिला आणायला गेलो तेव्हा बर्फ सुरू होता. ४०१ हायवेवर ट्रक नुसते सरपटत होते. ती बाहेर आली आणि तिने वाकून नमस्कार केला. हे तिने कधी केलं नव्हतं, तूच शिकवलं असशील. मी तिला उठवलं आणि तिची बॅग उचलली. वाटेत मिल्टनला उतरून ग्रोसरीतून सुरमई घेतली. गाडीत ती म्हणाली, "विंटर टायर्स लावलेत ना बाबा?" बास, तेवढ्यावर आमचं बोलणं सुरू झालं.

पंधरा-सोळा दिवस फार सुखात गेले. मी मासे तळले, सोलकढी केली, बाकी तिने केलं. एके दिवशी तिने कमळकाकडी आणली आणि तुझ्या त्या म्हाताऱ्यासारखी काडीला लावून तळली. मध्ये एका वाटीत सॉस. मला नियम सांगितला, एकदाच बुडवायचं. मी चावा घेतला आणि मुद्दाम पुन्हा बुडवलं. म्हटलं, "घरात आपण दोघंच, उष्ट्याचं काय?" ती इतकी हसली की डोळ्यांतून पाणी आलं. मग तिनेही दोनदा बुडवलं.

आता तुझ्या शिष्याची परीक्षा ऐक. जायच्या आदल्या संध्याकाळी जेवताना मी विचारलं. स्पष्ट, तू सांगितलंस तसं. म्हटलं, "ईशिता, तिकडे आता एकटीच आहेस. इथे ये. वरची खोली तुझीच आहे. राहतेस का माझ्याजवळ?" ती ताटाकडे बघत म्हणाली, "नको बाबा, तुम्हाला उगीच त्रास." प्रमिला, "त्रास कसला, वेडी का तू" हे शब्द दातांपर्यंत आले होते. मला ती इथे हवी होती, इतकी की हातातला घास खाली ठेवावा लागला. पण मी एकदाही आग्रह केला नाही. तिच्या शब्दाला किंमत दिली. "बरं" म्हटलं आणि आमटी वाढली.

ती नंतर बराच वेळ रिकाम्या ताटासमोर बसून राहिली. मग वर गेली. तिथून ओरडून विचारलं, "बाबा, ही गादी नवीन आहे?" मी म्हटलं, "सेलमध्ये होती." खोटं होतं, तिच्यासाठीच आणली होती. पण तसं सांगणं म्हणजे मागच्या दाराने आग्रहच झाला असता. विमानतळावर आत जाताना ती एकदा थांबून मागे वळली. मी हात हलवला.

वाईट वाटतं, पण या वेळी चुकलो नाही, याचं समाधान आहे. तू खूश होशील.

दादा


सरे, १७ जानेवारी २०१८

तीर्थस्वरूप दादास,
नमस्कार.

तुझं पत्र वाचलं. कसं लिहू कळत नाही, पण लपवणार नाही.

ती राहायलाच आली होती, दादा. टोरंटोत अशाच खाण्याच्या फेऱ्या सुरू करायचं तिने ठरवलं होतं, दोन ठिकाणी बोलणीही केली होती. बाबांनी राहा म्हटलं तर राहीन, असं माझ्या स्वयंपाकघरात ओट्याला टेकून मला म्हणाली. आणि मी शहाणीने तिला काय शिकवावं? म्हटलं, "बाबांनी विचारलं की लगेच हो म्हणू नकोस. आपल्यात ते बरं दिसत नाही, आणि त्यांनाही आग्रह करायचा असतो, तो करू दे. आधी नको म्हण. ते पुन्हा म्हणतील, तेव्हा हो म्हण." तिने ते दोनदा माझ्याकडून नीट समजून घेतलं. तुझा मान राहावा म्हणून, दादा. तुला मे महिन्यात लिहिलेलं तेव्हा माझ्या डोक्यातही आलं नाही. तुला तिची रीत शिकवली आणि तिला तुझी. कोबीचं पान व्हायला गेले आणि डबाच सांडून बसले.

काल तिचा फोन आला. म्हणाली, "आत्या, तू सांगितलं तसं म्हटलं. त्यांनी एकदाच विचारलं. मग आमटी वाढली. विचारायचं म्हणून विचारलं असेल." दुसऱ्या दिवशी निघेपर्यंत वाट बघत होती. गादीचं तिने तुला दुसऱ्यांदा विचारता यावं म्हणूनच काढलं होतं. आता त्या तळणाऱ्या म्हाताऱ्याला विश्रांती घ्यायची आहे, त्याने दुकान तिला चालवायला देऊ केलंय. ती त्याला हो सांगून आली.

मी तिला सगळं समजावलं. ती ऐकून फक्त "ओह" म्हणाली. माझं मेलीचं चुकलं. माझ्यावर काय राग काढायचा तो नंतर काढ. आधी तिला विचार. आजच विचार.

प्रमिला


केंब्रिज, ४ फेब्रुवारी २०१८

चि. प्रमिला,
आशीर्वाद.

तू रडत बसू नकोस. तू दोघांनाही खरं तेच सांगितलंस. आम्ही दोघांनी तुझं एकाच वेळी ऐकलं, आयुष्यात पहिल्यांदा, आणि ते नेमकं तेव्हाच ऐकायला नको होतं.

पत्र मिळालं त्याच दिवशी मी तिला आयपॅडवर बोलावलं. तिचा चेहरा दिसतो आणि आवाजही चांगला मोठा येतो, त्यामुळे काही निसटलं नाही. ती दुकानातच होती. मागे ती पाटी दिसत होती. मी सांगितलं, गादी तुझ्यासाठी घेतली होती. सूटचंही सांगितलं. तिने तोंडावर हात ठेवला. मग मी विचारलं, "ईशिता, मला तू इथे हवी आहेस. येतेस?"

ती म्हणाली, "नको बाबा. आता दुकानाचं ठरलंय."

मी म्हटलं, "ठरलेलं मोडता येतं. मी त्या म्हाताऱ्याशी बोलतो, जपानी माणसांशी मी आयुष्यभर बोललोय."

ती थोडं हसली, खाली बघितलं, आणि परत म्हणाली, "नको बाबा, उगीच त्रास." तेवढ्यात गिऱ्हाईक आलं आणि तिने फोन ठेवला.

तेव्हापासून मी त्या शेवटच्या "नको"पाशी बसून आहे. तिचं खरंच ठरलं असेल, तर मी पुन्हा विचारून तिला छळतोय, आणि ती मला दुसऱ्यांदा, तिसऱ्यांदा नाही म्हणत बसेल. आणि ते आपल्यातलं नको असेल, तर ती आताही त्या काउंटरमागे उभी राहून वाट बघतेय, आणि मी इथे तिच्या शब्दाला किंमत देत बसलोय. पंचाहत्तरीला आलो, पण माझ्या मुलीचं नाही कोणतं आणि हो कोणतं, हे मला तिच्या चेहऱ्यावरून वाचता येत नाही. शोभाला आलं असतं. मी कधी शिकलोच नाही.

वरची खोली तापवलेली ठेवली आहे. तिने तळलेल्या काड्यांचा उरलेला सॉस वाटीत झाकून फ्रीजमध्ये आहे, तो मला टाकवत नाही. दोघांचा उष्टा आहे.

तू तिच्याशी बोललीस की बघ, आणि तुला कळलं तर मला लगेच लिही, ते कोणतं नको होतं. मी विचारायला तयार आहे.

तुझा
दादा